जुने हँडहेल्ड गेम आजच्या फोनवर: एम्युलेटर बसवण्यापासून सेव्ह जपण्यापर्यंत

नव्वदच्या दशकात नागपुरात वाढलेल्या बहुतेकांना व्हिडिओ गेम म्हणजे टीव्हीला जोडायचा डबा, त्याच्या रंगीत कॅसेट आणि हातातला ब्रिक गेम एवढंच ठाऊक होतं. निन्टेन्डोचा हातात धरून खेळायचा गेम बॉय दिसायचा तो कुणाच्या परदेशातल्या मामाने आणला तरच. सोनीचा तसाच पीएसपी पुढे दुकानांत मिळू लागला, पण तोही वर्गातल्या एखाद्याकडेच असायचा. त्यामुळे आज आपल्याकडे जे लोक हे गेम शोधतात, त्यांतले बरेच जण ते आयुष्यात पहिल्यांदाच खेळणार असतात. मूळ पडदा कसा दिसायचा, सेव्ह कुठे व्हायचा, बटणं कशी होती, यातलं काहीच त्यांनी पाहिलेलं नसतं. माहितीचे बहुतेक व्हिडिओ मात्र हे सगळं गृहीत धरून पुढे पळतात आणि गेम चालू झाला की संपतात.

हा लेख त्या पहिल्यांदा खेळणाऱ्यांसाठी आहे. गेम बॉय, गेम बॉय कलर, गेम बॉय अॅडव्हान्स आणि पीएसपी ही चार यंत्रं घेतली आहेत. निन्टेन्डोच्याच दोन पडद्यांच्या डीएसची मांडणी वेगळी असते, म्हणून तो इथे नाही.

हे गेम खेळण्यासारखे आहेत यात मला शंका नाही. त्यांत जाहिरात येत नाही, मधेच कोणी पैसे मागत नाही, खातं उघडायला लागत नाही आणि नेटवर्क नसलं तरी काही अडत नाही. रात्रीच्या नागपूर-पुणे गाडीत रेंज गेली तरी खेळ सुरू राहतो. सुटीत पोराच्या हातात फोन द्यायचाच असेल तर दर दोन मिनिटांनी जाहिरात दाखवणाऱ्या गेमपेक्षा हे कितीतरी बरं.

आधी चार गोष्टी ओळखून घ्या

एम्युलेटर म्हणजे जुन्या यंत्राची हुबेहूब नक्कल करणारा प्रोग्राम. मूळ गेम बॉयचं घड्याळ 4.19 मेगाहर्ट्झचं, 2001 च्या गेम बॉय अॅडव्हान्सचा एआरएम प्रोसेसर 16.78 मेगाहर्ट्झचा. त्यांच्या एकेक सूचनेचा अर्थ लावून ती जशीच्या तशी पार पाडणं आजच्या साध्यातल्या साध्या फोनलाही सहज जमतं. पीएसपी 2004 च्या अखेरीस आला, त्याचा प्रोसेसर 333 मेगाहर्ट्झपर्यंत जातो आणि त्यात त्रिमितीय चित्रं काढणारा वेगळा भाग असतो, म्हणून तिथे फोनच्या ग्राफिक्सचा कस लागतो. स्वस्त फोनवर अॅडव्हान्सचे गेम लोण्यासारखे चालतात आणि पीएसपीचे अडखळतात, याचं कारण एवढंच आहे.

दुसरी गोष्ट रॉम. कॅसेटमधल्या चिपवरचा सगळा मजकूर एका फाइलमध्ये उतरवला की ती रॉम. अॅडव्हान्सची सगळ्यात मोठी सर्वसाधारण कॅसेट 32 एमबीची, गेम बॉयच्या तर कित्येक कॅसेट 32 किलोबाइटांच्याच. पीएसपीची यूएमडी ही छोटी तबकडी असते, तिची प्रत आयएसओ फाइल म्हणून निघते आणि ती 1.8 जीबीपर्यंत जाऊ शकते.

तिसरी बायोस, म्हणजे यंत्र सुरू होताना चालणारा कंपनीचा स्वतःचा छोटा प्रोग्राम. अॅडव्हान्सचा बायोस 16 केबीचा. इथे बरेच जण विनाकारण अडकतात. एमजीबीए या एम्युलेटरमध्ये बायोसचं काम करणारा स्वतःचा पर्याय आधीपासूनच आहे आणि पीपीएसएसपीपी या पीएसपीच्या एम्युलेटरला बायोस मुळीच लागत नाही. कुठलीही साइट ‘आधी हा बायोस पॅक उतरवा’ म्हणून भलतीच फाइल पुढे करत असेल तर तिथून बाहेर पडा.

चौथी गोष्ट सेव्ह. तिच्यावर पुढे सविस्तर येतो, कारण सगळ्यात जास्त नुकसान तिथेच होतं.

गेम कुठून आणायचे

एम्युलेटर वापरणं आणि गेमची प्रत मिळवणं हे दोन वेगळे प्रश्न आहेत. एम्युलेटर बनवण्याबद्दल अमेरिकेत 2000 साली सोनी विरुद्ध कनेक्टिक्स हा खटला अपील न्यायालयात निकाली निघाला आणि त्यासाठी केलेलं रिव्हर्स इंजिनिअरिंग, म्हणजे तयार वस्तू उलगडून ती कशी चालते हे शोधणं, रास्त वापरात बसतं असं तिथे ठरलं. गेमची प्रत मात्र प्रताधिकाराखाली येते. आपल्या 1957 च्या प्रताधिकार कायद्यातलं कलम 52(1)(एए) सांगतं की संगणक प्रोग्रामची कायदेशीर प्रत ज्याच्याकडे आहे त्याने, ती हरवू किंवा बिघडू नये म्हणून त्याच प्रतीवरून राखीव प्रत काढणं हे उल्लंघन नाही. इंटरनेटवरून दुसऱ्याने काढलेली प्रत उतरवणं त्यात बसत नाही. हजारो गेम एका फाइलमध्ये देणारे पॅक मी सुचवणार नाही. कायद्याची बाजू आहेच, शिवाय पाच हजार गेमची यादी समोर असली की माणूस एकही गेम पुरा खेळत नाही.

मग उरतात दोन सरळ वाटा.

पहिली वाट होमब्रूची, म्हणजे हौशी लोकांनी आजच्या काळात जुन्या यंत्रांसाठी बनवलेल्या आणि स्वतःहून मोफत दिलेल्या गेमची. होमब्रू हब या ठिकाणी गेम बॉयचे असे कित्येक गेम एकत्र मिळतात, इच डॉट आयओ या साइटवरही बरेच आहेत. सुरुवातीला गेम बॉयसाठी ‘टोबू टोबू गर्ल’ घ्या. उड्या मारत वर चढायचा हा गेम पाच मिनिटांत कळतो आणि बटणं नीट चालतात की उशिरा, हे त्यात लगेच लक्षात येतं. गेम बॉय कलरसाठी ‘म्यूसिटी’ आहे, त्यात शहर वसवायचं. अॅडव्हान्ससाठी तलवार घेऊन भुयारं धुंडाळायचा ‘अँगुना’ आणि ठोकळे रचायचा ‘अपोट्रिस’. ब्रिक गेमवर हात बसलेल्यांनी ‘अपोट्रिस’पासूनच सुरुवात करावी. पुढे ज्याची ओळख येते त्या रेट्रोआर्च अॅपमध्ये ‘ऑनलाइन अपडेटर’खाली ‘कंटेंट डाउनलोडर’ आहे, तिथेही मोफत वाटायला परवानगी असलेले गेम मिळतात.

दुसरी वाट स्वतःच्या कॅसेटची. घरात जुनी कॅसेट असेल तर ती वाचणारं छोटं यंत्र मिळतं. जीबीएक्सकार्ट आरडब्ल्यू हे त्यातलं नावाजलेलं. ते यूएसबीने संगणकाला जोडायचं, फ्लॅशजीबीएक्स हा मोफत प्रोग्राम उघडायचा, कॅसेट घालायची, आधी सेव्हची प्रत काढायची आणि मग रॉमची. हा क्रम पाळा. जुन्या कॅसेटमधला सेव्ह बऱ्याचदा बटण-सेलवर टिकून असतो आणि वीस-पंचवीस वर्षांनी तो सेल शेवटच्या घटका मोजत असतो. रॉम पुन्हा केव्हाही काढता येईल, सेव्ह येणार नाही. कॅसेटच्या पिना आधी आयसोप्रोपिल अल्कोहोल लावलेल्या कापसाच्या काडीने पुसा आणि पूर्ण वाळू द्या. लहानपणी सगळेच फुंकर मारायचे, पण तोंडातली ओल पिनांना गंजवते. काढलेली प्रत निर्दोष आहे का हे पाहायचं असेल तर फाइलचा चेकसम, म्हणजे तिच्या मजकुरावरून निघणारा ओळखीचा आकडा, नो-इंट्रो या स्वयंसेवकांच्या यादीशी ताडून पाहा. यादीत फक्त चेकसम असतात, गेम नसतात.

सेकंडहँड कॅसेट घेताना जपून. अॅडव्हान्सच्या नकली कॅसेटचा ऑनलाइन बाजारात सुळसुळाट आहे. मूळ कॅसेटमध्ये जिथे सेव्हसाठी सेल नव्हताच, तिथे नकलीत तो घातलेला असतो आणि सेल गेला की सेव्ह जातो. अशा कॅसेटची प्रत नो-इंट्रोच्या चेकसमशी अनेकदा जुळत नाही.

फोनवर रेट्रोआर्च

अँड्रॉइडवर गेम बॉयच्या तिन्ही पिढ्यांसाठी मी रेट्रोआर्च सुचवतो. त्याचा मेन्यू पहिल्या दिवशी डोकं फिरवतो हे खरं आहे. पण तो मुक्तस्रोत आहे, त्यात जाहिरात नाही आणि एकदा शिकलात की तेच ज्ञान लॅपटॉपवर आणि छोट्या कन्सोलवरही कामी येतं. जाहिरातींनी भरलेल्या निनावी अॅपपेक्षा ही थोडी मेहनत परवडते.

आधी फोनच्या अंतर्गत साठवणीत ‘गेम्स’ नावाचं फोल्डर करा आणि त्यात ‘जीबी’, ‘जीबीसी’, ‘जीबीए’ अशी तीन उपफोल्डरं. उतरवलेल्या फाइल ‘डाउनलोड’मध्ये पडू देऊ नका, तिथे व्हॉट्सअॅपच्या पीडीएफच्या गर्दीत त्या हरवतात आणि साफसफाईच्या अॅपने उडतात.

रेट्रोआर्च प्ले स्टोअरवरून किंवा त्यांच्या अधिकृत साइटवरून घ्या. पहिल्यांदा उघडल्यावर फाइल वाचायची परवानगी मागेल, ती द्या. रेट्रोआर्च स्वतः एम्युलेटर नाही, ती चौकट आहे. प्रत्यक्ष काम करणाऱ्या भागाला कोअर म्हणतात. ‘लोड कोअर’ मध्ये जाऊन ‘डाउनलोड अ कोअर’ निवडा आणि यादीत ‘निन्टेन्डो – गेम बॉय अॅडव्हान्स’ या नावापुढे एमजीबीए लिहिलेला कोअर उतरवा. हाच कोअर गेम बॉय आणि गेम बॉय कलरचे गेमही चालवतो, त्यामुळे सुरुवातीला दुसरा कुठलाच लागणार नाही. मग ‘लोड कंटेंट’मधून आपल्या फोल्डरपर्यंत जा आणि गेमवर टिचकी मारा. पडद्यावर बटणं दिसतील आणि गेम सुरू होईल.

बहुतेक जण इथे थांबतात. तुम्ही थांबू नका, अजून दहा मिनिटांचं काम आहे आणि खरा फरक त्यानेच पडतो.

सगळ्यात आधी ‘सेटिंग्ज’मध्ये ‘सेव्हिंग’ उघडा आणि ‘सेव्हरॅम ऑटोसेव्ह इंटरव्हल’ दहा सेकंदांवर ठेवा. मूळ यंत्रात गेममध्ये सेव्ह केलं की ते तत्काळ कॅसेटवर लिहिलं जायचं. एम्युलेटरमध्ये ते आधी फोनच्या मेमरीत राहतं आणि फाइलमध्ये नंतर उतरतं. तुम्ही गेममध्ये सेव्ह केलंत, तेवढ्यात फोन आला, अँड्रॉइडने मागे पडलेलं अॅप बंद करून टाकलं, की ते सेव्ह फाइलपर्यंत पोचलेलंच नसतं. अर्धी लढाई या एका सेटिंगने जिंकली जाते. सोबतच फोनच्या बॅटरी सेटिंगमध्ये रेट्रोआर्चला बंधनातून सूट द्या.

नंतर पडदा. अॅडव्हान्सचा पडदा 240 × 160 ठिपक्यांचा, गेम बॉयचा 160 × 144. आडव्या धरलेल्या 1080 ठिपके उंचीच्या फोनवर अॅडव्हान्सचं चित्र पूर्ण उंचीला ताणलं तर ते 6.75 पट होतं. पाऊण ठिपका काढता येत नाही, म्हणून काही ठिपके जाड आणि काही बारीक दिसतात आणि चित्र सरकताना ते लुकलुकतं. ‘व्हिडिओ’मध्ये ‘स्केलिंग’खाली ‘इंटिजर स्केल’ चालू करा. चित्र बरोबर 6 पट, म्हणजे 1440 × 960 होईल, कडेला थोडी काळी पट्टी राहील आणि प्रत्येक ठिपका सारख्या आकाराचा दिसेल. काळी पट्टी नको म्हणून चित्र रुंदीला ताणू नका, त्याने माणसं बुटकी आणि चेंडू अंडाकृती होतात.

रंगांचं एक वेगळंच प्रकरण आहे. 2001 च्या मूळ अॅडव्हान्सच्या पडद्यामागे दिवा नव्हता. खिडकीजवळ बसून खेळावं लागायचं. गेम बनवणाऱ्यांना हे माहीत होतं, म्हणून त्यांनी रंग मुद्दाम भडक ठेवले. तेच रंग आजच्या झगझगीत ओएलईडी पडद्यावर डोळ्यांत खुपतात. ज्याने मूळ यंत्र पाहिलेलं नाही त्याला वाटतं गेमच बटबटीत आहे. गेम चालू असताना मेन्यू उघडा, ‘क्विक मेन्यू’तून ‘कोअर ऑप्शन्स’मध्ये जा आणि ‘कलर करेक्शन’ चालू करा. तिथेच ‘इंटरफ्रेम ब्लेंडिंग’ आहे. जुना पडदा संथ होता, एका चित्राची छाया पुढच्यावर रेंगाळायची. त्याचा फायदा घेऊन काही गेम सावली किंवा धूर एका चित्रात दाखवायचे आणि पुढच्यात लपवायचे, म्हणजे ते अर्धपारदर्शक भासायचे. आजच्या पडद्यावर तीच सावली फडफडताना दिसते. एखाद्या गेममध्ये असं दिसलं तर हे सेटिंग लावा, बाकी वेळी बंद राहू द्या.

ब्लूटूथ हेडफोनवर उडी मारल्याचा आवाज पायाला जमीन लागल्यावर येतो. वायरचा हेडफोन लावा किंवा फोनचा स्पीकर वापरा. एम्युलेटर कितीही बदललात तरी हा उशीर जाणार नाही, तो हेडफोनचा आहे.

काचेवरच्या बटणांवर एकेक घर पुढे सरकायचे गेम जमतात, उड्यांचे जमत नाहीत. थोडे पैसे खर्चायची तयारी असेल तर फोनला दोन्ही बाजूंनी पकडणारा किंवा साधा ब्लूटूथ कंट्रोलर घ्या. जोडल्यावर ए आणि बी उलटे लागतात, कारण निन्टेन्डोच्या मांडणीत ए उजवीकडे असतो आणि एक्सबॉक्सच्या मांडणीत खाली. ‘इनपुट’मध्ये जाऊन बटणं पुन्हा नेमून द्या. ‘हॉटकीज’मध्ये ‘मेन्यू टॉगल’साठी दोन बटणांची जोडीही ठरवून ठेवा, नाहीतर मेन्यूसाठी दरवेळी पडद्याला हात लावावा लागेल.

पीएसपीसाठी पीपीएसएसपीपी

हा एम्युलेटर हेन्रिक रिडगार्ड यांनी 2012 साली सुरू केला आणि आजही तो सगळ्यात सुबक एम्युलेटरांपैकी एक आहे. मोफत आवृत्ती पूर्ण आहे. सोनेरी आवृत्ती विकत घेतली तर वेगळं काही मिळत नाही, बनवणाऱ्याला हातभार लागतो. मला तो लावावासा वाटतो, कारण इतकं नेटकं काम फुकट मिळणं रोजचं नाही.

अँड्रॉइड 11 आणि पुढच्या आवृत्त्यांत अॅपना फोनभर हिंडायची मुभा उरलेली नाही. त्यामुळे पहिल्यांदा उघडताच पीपीएसएसपीपी एक फोल्डर निवडायला सांगतो. साठवणीत ‘पीएसपी’ नावाचं नवं फोल्डर करून तेच द्या. अॅपच्या खासगी जागेचा पर्याय घेऊ नका, अॅप काढलं की ती जागा आणि तिच्यातले सेव्ह दोन्ही पुसले जातात.

गेमची फाइल आयएसओ, सीएसओ किंवा सीएचडी प्रकारची असते. शेवटच्या दोन दाबून लहान केलेल्या असतात. होमब्रू मात्र पीएसपी फोल्डरमधल्या ‘गेम’ या उपफोल्डरात, प्रत्येक गेमचं स्वतःचं फोल्डर ठेवून टाकायचे. स्वतःच्या यूएमडीची प्रत काढायला चालू स्थितीतला पीएसपी आणि त्यावर कस्टम फर्मवेअर, म्हणजे कंपनीच्या प्रणालीत हौशी लोकांनी बदल करून बनवलेली प्रणाली लागते. मग सिलेक्ट दाबून येणाऱ्या मेन्यूत यूएसबी उपकरण म्हणून यूएमडी निवडली आणि केबल जोडली की संगणकावर तबकडी आयएसओ फाइल म्हणून दिसते. ती कॉपी करून घ्यायची.

ग्राफिक्सच्या सेटिंगमध्ये हात घालण्यासारखं फार नाही. मूळ पडदा 480 × 272 चा. ‘रेंडरिंग रेझोल्यूशन’ 2 पट ठेवलं की 960 × 544 होतं आणि मधल्या किमतीच्या फोनवर ते पुरेसं देखणं दिसतं. 4 पट म्हणजे 1920 × 1088, पूर्ण एचडी पडद्याएवढं, त्याच्या पुढे जाऊन डोळ्यांना काही मिळत नाही. बॅकएंड, म्हणजे चित्र काढायची पद्धत, व्हल्कन ठेवा, चित्र फाटलं किंवा अॅप बंद पडलं तर ओपनजीएल करून पाहा. फ्रेमस्किप, म्हणजे मधली चित्रं गाळणं, शून्य असू द्या. वेग वाढवायचे इतर उपाय नावाने मोहक असतात आणि गेम मधेच मोडतात. गेम अडखळत असेल तर आधी रेझोल्यूशन उतरवा, बाकी काही करू नका.

नागपूरकरांना इथे एक गोष्ट वेगळी सांगायला हवी. मे महिन्यात आपल्याकडे पारा 45 अंशांच्या वर जातो. तापलेला फोन स्वतःला वाचवण्यासाठी प्रोसेसरचा वेग उतरवतो, म्हणून सकाळी सुरळीत चाललेला गेम दुपारी रडायला लागतो. तेव्हा रेझोल्यूशन 1 किंवा 2 पटीवर आणा, फोनचं कव्हर काढा आणि चार्जिंगला लावून खेळू नका. लिथियम-आयन बॅटरी 45 अंशांच्या वर चार्ज करायची नसते, खोलीतच 40 असेल तर खेळताना ती मर्यादा केव्हाच ओलांडली जाते. कूलरच्या अगदी तोंडाशीही बसू नका, त्या हवेबरोबर तुषार येतात. गाडीच्या डिक्कीत तर कन्सोल किंवा फोन कधीच नको.

लॅपटॉपवर एमजीबीए

घरात लॅपटॉप असेल तर एमजीबीए थेट बसवा. सांगण्यासारखं थोडंच आहे, कारण ते उघडल्याबरोबर चालतं. फाइल उघडायची आणि खेळायचं. एक्स म्हणजे ए, झेड म्हणजे बी, ए आणि एस या कळा म्हणजे वरची एल आणि आर, एंटर म्हणजे स्टार्ट, बॅकस्पेस म्हणजे सिलेक्ट. टॅब दाबून धरला की गेम वेगाने पळतो, लांबलचक संवादांत त्याचा उपयोग होतो. शिफ्ट आणि एफ1 ने स्टेट, म्हणजे खेळाची त्या क्षणाची स्थिती (तिच्याबद्दल पुढे येतं), साठवतं, नुसत्या एफ1 ने परत येतं. ‘ऑडिओ/व्हिडिओ’ मेन्यूत पूर्णांकी पट सक्तीची करायची सोय इथेही आहे.

खिशातला छोटा कन्सोल घेतलात तर

अँबर्निक आणि मियू या नावांचे छोटे लिनक्स कन्सोल हल्ली बऱ्याच जणांकडे दिसतात. मियू मिनी प्लसचा पडदा साडेतीन इंच आणि 640 × 480 चा आहे. त्यावर गेम बॉयचं चित्र बरोबर 3 पट, म्हणजे 480 × 432 बसतं आणि फार सुरेख दिसतं. अॅडव्हान्सचं 2 पट लहान वाटतं आणि पूर्ण रुंदीला 2.67 पट होतं, तिथे तडजोड करावी लागते. गेम बॉय जास्त खेळणार असाल तर हा पडदा घ्या.

या कन्सोलसोबत येणारं मेमरी कार्ड बहुधा निनावी आणि हलक्या प्रतीचं असतं आणि त्यात विनापरवाना गेम भरलेले असतात. ते कार्ड पहिल्याच दिवशी बाजूला ठेवा आणि नवं घ्या. नागपूरच्या बर्डीच्या बाजारात घ्या की ऑनलाइन, घरी आणल्यावर एच2टेस्टडब्ल्यू या विंडोजच्या मोफत प्रोग्रामने ते तपासा, लिनक्स किंवा मॅकवर एफ3 आहे. हे प्रोग्राम कार्ड काठोकाठ भरतात आणि परत वाचून पाहतात. 128 जीबी छापलेल्या नकली कार्डात खरी जागा थोडीच असते, ती भरेपर्यंत सगळं ठीक दिसतं आणि नंतर फाइल मुकाट्याने खराब होत जातात. तपासणीला काही तास लागतात, रात्री लावून झोपा.

मियू मिनी प्लसवर ओनियन ही स्वयंसेवकांनी बनवलेली प्रणाली टाकावी. कार्ड फॅट32 पद्धतीने फॉरमॅट करा. 32 जीबीपेक्षा मोठ्या कार्डासाठी विंडोजची नेहमीची खिडकी बऱ्याचदा तो पर्यायच देत नाही, तिथे रूफस वापरा. ओनियनची झिप फाइल कार्डावर सगळ्यात वरच्या पातळीवर उलगडा, कार्ड घाला, यंत्र सुरू करा आणि बसवण्याचं काम संपेपर्यंत हात लावू नका. मग यंत्र बंद करून कार्ड पुन्हा संगणकात घाला आणि गेम ‘रॉम्स’ फोल्डरातल्या ‘जीबी’, ‘जीबीसी’, ‘जीबीए’ या ठरलेल्या फोल्डरांत टाका. नावं बदलू नका, ओनियन त्याच नावांनी शोधतं. यादीत गेम दिसला नाही तर मेन्यूतून ‘रिफ्रेश रॉम्स’ करा. यंत्र चालू असताना कार्ड ओढून काढणं हे सेव्ह घालवायचं हमखास कारण आहे.

चार्जिंगसाठी साधा 5 व्होल्टचा चार्जर आणि एका टोकाला जुन्या पद्धतीचा चपटा यूएसबी असलेली केबल वापरा. दोन्ही टोकांना सी प्रकार असलेल्या केबलवर अनेक स्वस्त कन्सोल चार्जच होत नाहीत आणि लोक यंत्र बिघडलं म्हणून परत पाठवतात.

सेव्ह आणि स्टेट

राजेहो, हा भाग दोनदा वाचा.

गेमच्या आतल्या मेन्यूतून केलेला सेव्ह आणि एम्युलेटरने साठवलेलं स्टेट या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. सेव्ह गेमने स्वतः लिहिलेला असतो, मूळ कॅसेटवर लिहिला असता तसाच. तो एका एम्युलेटरमधून दुसऱ्यात, फोनवरून लॅपटॉपवर आणि जीबीएक्सकार्टसारख्या यंत्राने खऱ्या कॅसेटवरही जातो. स्टेट म्हणजे कॅरमचा डाव अर्ध्यावर सोडताना काढलेला फोटो. सोंगट्या कुठे होत्या ते सगळं त्यात येतं, पण ते त्या एम्युलेटरच्या त्या आवृत्तीपुरतंच. एम्युलेटर अपडेट झाला की जुनं स्टेट उघडेलच याची खात्री नसते.

म्हणून स्टेट वापरा ते अवघड जागेच्या आधी, मेट्रो स्टेशन आलं आणि लगेच बंद करायचंय अशा वेळी. दिवसाचा खेळ संपवताना मात्र गेममध्ये जाऊन सेव्ह करा. दोन्ही वापरणाऱ्यांनी एक धोका लक्षात ठेवावा. जुनं स्टेट उघडलं की त्यासोबत त्या वेळचा सेव्हही परत येऊ शकतो, मग नवा सेव्ह त्याच्याखाली पुसला जातो. स्टेट उघडण्याआधी तारीख पाहा.

फाइल कुठे असतात तेही माहीत असू द्या. रेट्रोआर्चमध्ये ‘सेव्ह्ज’ आणि ‘स्टेट्स’ ही दोन फोल्डरं असतात आणि सेव्हच्या फाइलच्या शेवटी एसआरएम असतं. एमजीबीएमध्ये सेव्ह गेमच्याच शेजारी, त्याच नावाने आणि एसएव्ही शेपटीने पडतो. दोन्हींतला मजकूर सहसा सारखाच असतो, शेपटी बदलली की एकीकडचा सेव्ह दुसरीकडे चालतो. गेमच्या फाइलचं नाव बदललंत तर सेव्हचंही बदला, नाहीतर एम्युलेटरला तो सापडणार नाही आणि गेम पहिल्यापासून सुरू होईल. पीपीएसएसपीपीमध्ये सेव्ह ‘सेव्हडेटा’ फोल्डरात असतात आणि खऱ्या पीएसपीच्या मेमरी स्टिकवरचे सेव्ह तिथे उचलून ठेवले तरी चालतात.

आठवड्यातून एकदा ही फोल्डरं लॅपटॉपवर किंवा ड्राइव्हवर कॉपी करा. सगळे सेव्ह मिळूनही एखाद्या फोटोएवढी जागा घेत नाहीत, पीएसपीचे थोडे जास्त.

अडलं तर

गेम काळ्या पडद्यावर अडकला तर आधी तो दुसऱ्या फोल्डरात, छोट्या इंग्रजी नावाने ठेवून उघडा, मग फाइल पुन्हा उतरवा किंवा कॅसेट पुन्हा वाचा. झिपमधला गेम रेट्रोआर्च सहसा उघडतो, सेव्हनझिप आणि रारबाबत मात्र खात्री धरू नका, उलगडूनच ठेवा. गेम चालतो पण सेव्हच होत नाही, किंवा सेव्हचा भाग बसवलेला नाही असा संदेश येतो, तेव्हा सेव्हचा प्रकार चुकीचा ओळखला गेलेला असतो. अॅडव्हान्सच्या काही कॅसेटमध्ये सेव्हसाठी 64 केबीची फ्लॅश मेमरी होती, काहींत 128 केबीची. लॅपटॉपच्या एमजीबीएमध्ये ‘टूल्स’खाली ‘गेम ओव्हरराइड्स’ मध्ये तो प्रकार हाताने नेमता येतो. आवाज करकरत असेल तर बहुतेक वेळा बॅटरी सेव्हर चालू असतो.

स्वतःचा गेम याच व्यवस्थेत

हे सगळं लावून झालं की एक दार आपोआप उघडतं. जीबी स्टुडिओ हा क्रिस माल्टबी यांचा मोफत, मुक्तस्रोत प्रोग्राम आहे. 2019 साली तो आला. त्यात एक ओळही कोड न लिहिता, चित्रं आणि प्रसंग मांडून गेम बॉयचा गेम बनवता येतो आणि तो रॉम फाइल म्हणून बाहेर काढला की वर सांगितलेल्या ‘जीबी’ फोल्डरात टाकून लगेच खेळता येतो. सुटीतल्या मुलांना हे जरूर दाखवा.

मराठीत गेम करायचा तर एक अडचण येते. गेम बॉयचा पडदा 8 × 8 ठिपक्यांच्या चौकटींचा, आडव्या 20 आणि उभ्या 18. रोमन अक्षर एका चौकटीत मावतं. देवनागरीला शिरोरेषा, वरच्या मात्रा, खालचे उकार आणि जोडाक्षरं यांना जागा लागते, ती 8 ठिपक्यांत मिळत नाही. यावर उपाय म्हणजे संवाद अक्षरं म्हणून न टाकता चित्र म्हणून काढायचे, 16 ठिपके उंचीचे. तिथे दुसरी मर्यादा सांभाळावी लागते: जीबी स्टुडिओत साध्या गेम बॉयसाठी एका पार्श्वचित्रात 192 पेक्षा जास्त वेगवेगळ्या चौकटी चालत नाहीत, आणि पूर्ण पडदा 360 चौकटींचा असतो. म्हणून एका पडद्यावर दोन-तीन छोट्या ओळीच ठेवा, मागचा भाग एकाच रंगाचा ठेवा आणि शिरोरेषा सगळीकडे एकाच उंचीवर आखा, म्हणजे सारख्या चौकटी पुन्हा पुन्हा वापरल्या जातील. चित्र 160 × 144 आकाराचं, ठरलेल्या चार हिरव्या छटांतच आणि पीएनजी म्हणून साठवायचं.